अक्षरांचा जाणता : पंडित भगवानलाल इंद्रजी
(ज्ञातीच्या वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



मेळाव्यात चार शब्द बोलावेत अशी आज्ञा मंडळाच्या चिटणीसांनी आम्हांस केली, तेव्हा आम्ही प्रथम नकारच दिला होता. आम्ही केवळ मॅट्रिक झालेले, जन्मभर प्राथमिक शाळेत मुलांना बाराखडी व व्याजाची उदाहरणे शिकविलेले. व्याख्यान देण्याचा अधिकार विद्वानांचा. परंतु गेल्या दिवाळीपासून आपल्यांपैकी काही मंडळींच्या मनांत आमच्याविषयी किल्मिष आले आहे हे आमच्या कानावर आहे. ते दूर करण्यास हीच जागा योग्य, असा विचार करून उभे राहिलो आहोत.

हकीकत अशी. स्मरणिकेच्या संपादक मंडळातील दोन उत्साही तरुण आमच्याकडे एक टिपण घेऊन आले. मथळा होता : ‘आपल्या ज्ञातीचा दोन हजार वर्षांचा लेखी इतिहास’. आत असे लिहिले होते की, नाशिकच्या पांडवलेण्यांत एक शिलालेख असून त्यात क्षत्रप राजाच्या जावयाने आपल्या ज्ञातीस ३००० कार्षापणे देऊन गौरव केल्याचे नमूद आहे. खाली ‘तपासले’ म्हणून आमची सही हवी होती. आम्ही सही केली नाही. “गुरुजींना ज्ञातीचा अभिमान नाही” असे त्यावर कोणी म्हणाले. अभिमान आम्हांसही आहे. आमचे आजोबा मागावर बसले आणि मागावरच थकले. परंतु तो लेख प्रथम कोणी वाचला, कसा वाचला आणि त्यात काय आहे, हे सांगितल्यावाचून आमच्या नकाराचा अर्थ कळणार नाही. म्हणून आज आम्ही ज्ञातीविषयी थोडे आणि ज्या पुरुषाने ही अक्षरे बोलकी केली त्याच्याविषयी अधिक बोलणार आहोत.

आपल्या डोंगरांतील लेण्यांवर जी ब्राह्मी अक्षरे आहेत ती मधल्या हजार-दीड हजार वर्षांत कोणालाही वाचता येईनाशी झाली होती. दिल्लीचा सुलतान फिरोजशहा तुघलक याने चौदाव्या शतकात टोपरा येथील अशोकाचा प्रचंड स्तंभ दिल्लीस आणविला व त्यावर काय लिहिले आहे म्हणून पंडितांस विचारले. कोणासही एक अक्षर लागले नाही. जे वाचता येत नाही ते मंत्र असले पाहिजे, नाहीतर गुप्त धनाचा ठावठिकाणा असला पाहिजे, ही आपल्या लोकांची जुनी खोड आहे. लेणी पांडवांनी एका रात्रीत खोदली, ती अक्षरेही पांडवांचीच, असे गावोगाव सांगत.

या खोडीचा फायदा घेणाराही निघाला. अठराव्या शतकाच्या अखेरीस पुण्यास पेशव्यांच्या दरबारी सर चार्ल्स मॅलेट हा इंग्रज वकील होता. त्याने वेरूळच्या लेण्यांतील अक्षरांच्या नकला कलकत्त्यास सर विल्यम जोन्सकडे पाठविल्या. जोन्सने त्या काशीस विल्फर्ड नावाच्या लष्करी अधिकाऱ्याकडे धाडल्या. विल्फर्डला तेथे एक वृद्ध पंडित भेटला. भारतातील सर्व प्राचीन लिपींची किल्ली ज्यात आहे असे एक संस्कृत पुस्तक आपल्यापाशी आहे, असे त्याने सांगितले. मग काय विचारता ! नकला समोर ठेवाव्यात, पंडिताने पुस्तक उघडावे आणि भराभर अर्थ सांगावा. पांडव वनवासात फिरत असता विदुर व व्यास यांनी त्यांच्यासाठी गुप्त संकेत खोदून ठेवले, असा तो अर्थ होता. विल्फर्डने तो खरा मानला आणि कलकत्त्याच्या ‘एशियाटिक रिसर्चेस’ या ग्रंथमालेत तो छापूनही आला. खऱ्या लेखांत यातले अक्षरही नव्हते.

त्या पंडिताचे नाव आम्हांस ठाऊक नाही, आणि त्याला केवळ लुच्चा म्हणून सोडून द्यावे असेही आम्हांस वाटत नाही. समोरचा माणूस आशेने पाहत आहे, त्याला पांडव हवे आहेत, आणि आपण ‘मला येत नाही’ एवढे तीन शब्द उच्चारावयाचे आहेत. ते किती जड जातात हे आम्हांस अनुभवाने ठाऊक आहे.

तो अनुभव येथे सांगणे प्राप्त आहे. नोकरीच्या पहिल्या काही वर्षांत आम्ही एका लहानशा गावी एकशिक्षकी शाळेवर होतो. गावाचे नाव सांगत नाही. देवळामागे कमरेइतका उंच एक दगड होता. वर सूर्यचंद्र, खाली गाढवाची आकृती आणि मध्ये झिजलेल्या दहा-बारा ओळी. गावकरी त्याला शेंदूर लावीत. एके दिवशी गावातील एका वजनदार घराण्यातील वडील माणसे शाळेत आली व म्हणाली, “गुरुजी, तुम्ही शिकलेले. एवढे वाचून दाखवा.” आम्हांस दोनचार अक्षरे देवनागरीसारखी दिसली, बाकी काही लागेना. परंतु भोवती पन्नास माणसे, आमची विद्यार्थी मुले पुढे बसलेली. आम्ही ओळींवरून बोट फिरवीत गेलो व गाव कोणी वसविले याची ती नोंद आहे असे सांगितले. मूळपुरुषाचे म्हणून जे नाव उच्चारले ते विचारणाऱ्यांच्याच घराण्याचे होते. त्यांनी नारळ फोडला. आम्हांस धोतरजोडी मिळाली.

पुढे त्या दगडाच्या आधारावर त्यांनी होळीच्या पहिल्या पोळीचा मान मागितला. तो मान पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्या भावकीकडे होता. तंटा वाढला, दोन वर्षे होळी दोन ठिकाणी पेटली, एकाचे डोके फुटले, प्रकरण कचेरीत गेले. आमची तोवर बदली झाली होती. काही वर्षांनी एक जाणते गृहस्थ तेथे गेले. त्यांनी दगड धुऊन, ठसा घेऊन वाचला. तो गद्धेगाळ होता. एका बागेच्या दानाची नोंद आणि दान मोडणाऱ्यास शिवी, एवढेच त्यात होते. गाव वसविल्याची गोष्ट नाही, की कोणाचा मूळपुरुष नाही. हे कळल्यावर आम्ही स्वखर्चाने त्या गावी गेलो व पाराखाली दोन्ही भावकींसमोर खरे काय ते सांगितले. एक म्हातारा एवढेच म्हणाला, “गुरुजी, तेव्हाच ‘येत नाही’ म्हणाला असता, तर आम्ही काय तुम्हांला खाल्ले असते?” यास आमच्यापाशी उत्तर नव्हते. विल्फर्डलाही पुढे दुसऱ्या एका प्रकरणात, पुराणांच्या पोथ्यांत आपल्या पंडिताने बनावट श्लोक घुसडल्याचे कळून आले, आणि त्याने १८०५ मध्ये ते छापून कबूल केले. फसला तो फसला, पण कबुली देण्याइतका तो सज्जन होता.

असो. आता खऱ्या वाचनाकडे वळू. कलकत्त्याच्या टांकसाळीतील अधिकारी जेम्स प्रिन्सेप याने १८३७ मध्ये ब्राह्मीचे कुलूप उघडले. सांची येथील स्तूपाच्या कठड्यावरील अनेक लहान लेखांच्या शेवटी तीच ती दोन अक्षरे येतात हे त्याच्या ध्यानात आले. देवळाच्या फरशीवर ‘अमक्याने दिली’ असे आपण आजही कोरतो. तसेच हे असावे आणि ती अक्षरे ‘दानं’ असावीत असा त्याने तर्क केला. त्यावरून द आणि न मिळाले, अनुस्वार मिळाला, आणि मग एकेक अक्षर हाती येत दिल्लीचा स्तंभ वाचता आला. अतिश्रमाने प्रिन्सेप १८४० मध्ये, वयाच्या अवघ्या चाळिसाव्या वर्षी वारला.

त्याच्या मृत्यूच्या आदल्या वर्षी, म्हणजे १८३९ मध्ये, काठेवाडात जुनागडास भगवानलाल इंद्रजी यांचा जन्म झाला. घराणे गुजराती ब्राह्मणांचे. घरात संस्कृत व वैद्यकी. इंग्रजी शाळेचे शिक्षण नाही. हे आम्ही मुद्दाम सांगतो. पदवी नाही म्हणून विद्येच्या दारात पाऊल टाकू नये असे समजणारे आमच्यासारखे पुष्कळ आहेत. जुनागडाजवळ गिरनारच्या वाटेवर एक मोठी शिळा आहे. तिच्यावर अशोकाच्या आज्ञा, महाक्षत्रप रुद्रदामन्‌ याचा लेख आणि स्कंदगुप्ताच्या काळचा लेख, असे तीन युगांचे लेख एकाच खडकावर आहेत. यात्रेकरू शेजारून जात. प्रिन्सेपच्या वर्णमालेचा तक्ता तरुण वयातच भगवानलालांच्या हाती आला आणि ते त्या शिळेपुढे जाऊन बसू लागले. त्यांची पाठशाळा ती हीच.

त्या काळी मुंबईत डॉक्टर भाऊ दाजी लाड हे थोर गृहस्थ होते. धंद्याने वैद्य, परंतु प्राचीन इतिहासाचे वेड. लेखांच्या विश्वसनीय नकला करून आणणारा माणूस त्यांस हवा होता. ‘रासमाला’कार फॉर्ब्स यांच्या शिफारशीने भगवानलाल १८६० नंतरच्या पहिल्या वर्षांत मुंबईस आले आणि भाऊंच्या पदरी राहिले. अजिंठा, नाशिक, कार्ले, जुन्नर, नाणेघाट अशी त्यांची पायपीट सुरू झाली. छायाचित्रे घेण्याची सोय आजच्यासारखी नव्हती. काळोख्या लेण्यात वटवाघळांच्या सहवासात उभे राहून, भिंतीवरची भेग कोणती आणि अक्षराची रेघ कोणती हे पाहत एकेक ओळ उतरावयाची. भाऊंचे लेख छापले जात, त्यांची कीर्ती होई. त्यांखालचे पुष्कळसे श्रम या अबोल माणसाचे असत. तरीही त्यांनी भाऊंना अखेरपर्यंत गुरुस्थानी मानले.

भाऊंच्या खर्चाने ते उत्तरेस मथुरेपर्यंत आणि त्याही पलीकडे सरहद्दीकडे गेले. मथुरेस १८६९ मध्ये शीतलादेवीच्या ओट्याच्या पायऱ्यांत बसविलेला एक दगड त्यांच्या दृष्टीस पडला. दोन सिंह पाठीला पाठ लावून बसलेले आणि अंगभर खरोष्ठी अक्षरे. शकक्षत्रपांच्या इतिहासाचे ते मोठे साधन ठरले. तो सिंहस्तंभशीर्ष त्यांनी मृत्युपत्राने लंडनच्या ब्रिटिश म्युझियमला दिला व तो आज तेथेच आहे. आपल्या देशातली वस्तू बाहेर गेली याची खंत आम्हांस वाटते. ते लपविण्यात अर्थ नाही. पुढे ते नेपाळात गेले. तेथून त्यांनी आणलेल्या लेखांपैकी तेवीस लेख १८८० मध्ये ‘इंडियन अँटिक्वरी’त प्रसिद्ध झाले. लेखन गुजरातीत, इंग्रजी भाषांतर डॉक्टर ब्यूलर या जर्मन पंडिताने केले. नेपाळच्या जुन्या राजवंशांचा कालक्रम लावण्यास त्याच लेखांनी आरंभ झाला.

१८७४ मध्ये भाऊ दाजी निवर्तले. आश्रय गेला. दुसरा कोणी असता तर वैद्यकी करून सुखाने राहिला असता. भगवानलाल मुंबईस वाळकेश्वरी राहून काम करीत राहिले, आणि आता ते स्वतःच्या नावाने लिहू लागले.

त्यांच्या कामातील आम्हांस सर्वांत प्रिय भाग आकड्यांचा. मास्तरकी केलेल्या माणसास दुसरे काय आवडणार ? जुन्नरजवळच्या नाणेघाटात सातवाहन राणीचा मोठा लेख आहे. यज्ञ केले, गाई दिल्या, घोडे दिले, कार्षापणे दिली, अशी ती यादी आहे. त्याच लेण्यात राजकुळातील माणसांच्या मूर्ती होत्या. आज मूर्ती नाहीत, वर कोरलेली नावे मात्र आहेत. आम्ही शाळेची मुले घेऊन तेथे गेलो होतो, तेव्हा एका मुलाने विचारले, “गुरुजी, माणसे गेली आणि नावे कशी राहिली ?” असो. तर त्या यादीत संख्या आहेत. पण त्या आपल्या पद्धतीच्या नाहीत. शून्य नाही. दहाला वेगळी खूण, विसाला वेगळी, शंभराला व हजाराला वेगळी. या खुणा समजल्याखेरीज लेखांतील सालेही लागत नाहीत. भगवानलालांनी लेण्यांतील खुणा, नाण्यांवरील खुणा आणि नेपाळातील व जैन भांडारांतील ताडपत्रांवर पाने मोजण्यासाठी घातलेली अक्षरे, ही सर्व एकमेकांशेजारी मांडली आणि १८७७ मध्ये प्राचीन अंकांवरील आपला निबंध प्रसिद्ध केला. जुन्या अंकांचा संबंध अक्षरांशी आहे असे त्यांनी दाखविले.

ते चुकले नाहीत असे नव्हे. ओरिसातील हाथीगुंफेच्या लेखात राजाचे नाव ‘खारवेल’ आहे हे प्रथम त्यांनी नीट वाचले. पण त्याच लेखात मौर्य शकाचे १६५ वे वर्ष दिले आहे असेही त्यांनी मानले, आणि ते मत पुढच्या विद्वानांनी सोडून दिले. आम्ही पाराखाली मान खाली घालून उभे राहिलो ती चूक आणि ही चूक, या दोहोंत अंतर आहे. पंडितजींनी दिसलेले अक्षर अन्‌ अक्षर पुढे ठेवले होते. म्हणूनच दुसऱ्यास ते तपासता आले. काशीच्या पंडिताचे पुस्तक कोणी उघडून पाहिले नाही, आणि आमचे बोटही कोणी अडविले नाही.

१८८२ च्या ईस्टर सणाच्या सुटीत वसईजवळ सोपाऱ्यास त्यांनी एक टेकाड खणविले. गावकरी त्याला बुरुड राजाचा कोट म्हणत. आत विटांच्या कोठीत दगडी पेटी, पेटीत तांब्याचा करंडा, आणि त्यात एकात एक चांदीचा, दगडाचा, स्फटिकाचा व सोन्याचा करंडा निघाला. सोन्याच्या करंड्यात मातीच्या भिक्षापात्राचे तुकडे होते. सोबत बुद्धांच्या आठ मूर्ती व सातवाहन राजा यज्ञश्री याचे चांदीचे नाणे होते. याच सोपाऱ्यास अशोकाच्या आठव्या आज्ञेचा तुकडाही सापडला. हे करंडे मुंबईच्या एशियाटिक सोसायटीपाशी जपून ठेवण्यात आले. पुढे हॉलंडमधील लायडन विद्यापीठाने या इंग्रजी न शिकलेल्या माणसास सन्मान्य डॉक्टरेट दिली. १८८८ च्या मार्च महिन्यात, पन्नाशी गाठण्यापूर्वीच, ते निधन पावले. गुजरातच्या प्राचीन इतिहासाचे त्यांचे अपुरे राहिलेले लेखन त्यांच्या पश्चात मुंबई इलाख्याच्या गॅझेटिअरमध्ये १८९६ साली छापले गेले.

आता नाशिक. त्याच गॅझेटिअरच्या नाशिक खंडात, १८८३ मध्ये, पांडवलेण्यांचे वर्णन व शिलालेखांचे वाचन आले आहे ते पंडितजींचे. दहाव्या लेण्याच्या ओसरीत नहपान क्षत्रपाचा जावई उषवदात याचा लेख आहे; साल ४२. तो सांगतो की, भिक्षुसंघासाठी ३००० कार्षापणांची अक्षयनीवी, म्हणजे मुद्दल कधी न मोडावयाची ठेव, गोवर्धन येथील श्रेणींकडे ठेविली आहे. २००० एका कोलिकनिकायात, दरमहा शेकडा एक व्याजाने; १००० दुसऱ्या कोलिकनिकायात, दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. पहिल्या ठेवीच्या व्याजातून वीस भिक्षूंस प्रत्येकी बारा कार्षापणे वस्त्रांसाठी द्यावयाची. मुलांनो, पाटी घ्या ! २००० वर दरमहा शेकडा एक म्हणजे महिन्यास २०, वर्षास २४०. वीस भिक्षूंस बारा-बारा म्हणजेही २४०. पैचा फरक नाही. हे उदाहरण आम्ही वर्गात कित्येक वर्षे घालीत आलो. हा व्यवहार निगमसभेत ऐकविला व फलकावर नोंदविला, असेही लेखात म्हटले आहे.

‘कोलिक’ म्हणजे विणकर, असा अर्थ विद्वान करतात. मग आमचे तरुण म्हणतात, “गुरुजी, मग अडले कोठे ?” अडले ते असे. राजजामाताने विणकरांस गौरवार्थ काही दिले असे लेखात नाही. त्याने भिक्षूंस दिले आणि विणकरांकडे ठेविले. दुसरे, ‘निकाय’ म्हणजे एका धंद्यातील लोकांचा संघ. त्या संघातील माणसे आपल्या ज्ञातीचे पूर्वज होती, की पुढे दुसऱ्या धंद्यांत गेली, की परगावी पांगली, हे सांगणारी एकही ओळ त्या भिंतीवर नाही. उद्या केवळ नावाच्या सारखेपणावरून कोळीबांधव म्हणतील, ‘कोलिक’ ते आम्हीच. शेजारच्याच दुसऱ्या लेखात कुंभार व तेली यांच्या श्रेणींकडे आजारी भिक्षूंच्या औषधासाठी ठेविलेल्या रकमा आहेत. तेही आपापल्या स्मरणिकेत हेच छापतील. आणि मग पहिल्या पोळीचा मान कोणाचा, हा तंटा नाशिकच्या डोंगरावर जाईल.

आम्हांस विचाराल तर लेखात जे खरोखर आहे ते त्या टिपणातील गोष्टीहून मोठे आहे. राजाचा जावई, ज्याच्यापाशी सैन्य होते, खजिना होता, त्याला कायमची ठेव ठेवण्यास राजाच्या खजिन्यापेक्षा हातमागावर बसणाऱ्यांचा संघ अधिक भरवशाचा वाटला. राज्ये बुडतात, विणकरांचा शब्द बुडणार नाही असे त्याने धरले. हा त्या धंद्याचा मान आहे, आणि तो धंदा आपण केलेला आहे. येथवर आम्ही डोळे मिटून सही करू.

त्याप्रमाणे टिपणाचा मजकूर आम्ही नव्याने लिहून संपादकांकडे दिला आहे. मथळा बदलून ‘नाशिकच्या शिलालेखातील विणकरांची श्रेणी’ असा केला आहे. दोघाही तरुणांनी तो वाचला. एकास तो पटला. दुसरा अजून घुश्शात आहे, आणि आज येथे तिसऱ्या रांगेत बसला आहे. त्याला व इतरांना आमचे एक सांगणे आहे. येत्या माघात आम्ही नाशिकास जाणार आहोत. पांडवलेण्यांच्या पायऱ्या आम्हांस आता एका दमात चढवत नाहीत, तेव्हा बरोबर कोणी तरुण असल्यास बरे. विजेरी आणावी, पाणी आणावे. अक्षरांवर खडू, तेल, शेंदूर काही लावू नये व नखाने खरवडू नये. ब्राह्मीचा तक्ता आम्ही हाताने काढून त्याच्या प्रती करून ठेवल्या आहेत; ज्यांना हव्या असतील त्यांनी भोजनोत्तर आमच्याकडून न्याव्यात. दहाव्या लेण्याच्या ओसरीत ‘कोलिक’ हा शब्द कोठे आहे तो ज्याने त्याने स्वतः शोधावा. आम्ही दाखविणार नाही.